पंचावन्नावा खेळाडू आणि चौथ्या नंबरचा देश

आजचा भाग बास्केटबॉलवर आहे, पण बास्केटबॉल कळत नसेल म्हणून लगेच बंद करू नका. जवळून बॉल टाकला की दोन गुण, लांबून टाकला की तीन, आणि कुणी धक्का दिला तर मिळणाऱ्या फुकटच्या फेकीला, म्हणजे फ्री थ्रोला, एक. एवढं माहीत असलं की पुरे.

७ ऑगस्ट २०२१ ही तारीख आपल्याकडे कुणी विसरणार नाही. टोकियोत नीरज चोप्राचा भाला ८७.५८ मीटरवर जाऊन पडला तो दिवस. त्याच दिवशी सकाळी अदिती अशोक गोल्फमध्ये चौथी आली, तेही बऱ्याच जणांना आठवत असेल. आपण सगळे भाल्याकडे बघत होतो, तेव्हा टोकियोशेजारच्या सैतामामध्ये पुरुषांच्या बास्केटबॉलची कांस्यपदकाची मॅच चालू होती. ऑस्ट्रेलिया विरुद्ध स्लोव्हेनिया. ऑस्ट्रेलियानं ती १०७-९३ अशी जिंकली आणि त्यातले ४२ गुण एकट्या पॅटी मिल्सचे होते.

आता कांस्यपदकाचं एवढं काय, असं तुम्ही म्हणाल. तर त्यासाठी ऑस्ट्रेलियाच्या पुरुष संघाचा हिशेब बघायला हवा. १९८८, सोल: चौथे. १९९६, अटलांटा: चौथे. २०००, सिडनी, म्हणजे स्वतःच्या घरी: चौथे. २०१६, रिओ: परत चौथे. चार वेळा कांस्यपदकाच्या मॅचपर्यंत गेले आणि चारही वेळा हरले. त्यांच्या महिलांच्या संघानं मधल्या काळात सिडनी, अथेन्स आणि बीजिंग अशी सलग तीन रौप्यपदकं घरी नेली होती, पुरुषांची पाटी मात्र कोरी. मिल्खा सिंग आणि पी. टी. उषा यांच्या देशात चौथ्या नंबरचं दुःख समजावून सांगायची गरज नाही. चौथ्याला पोडियम नाही आणि 'लवकर हरलो, सुटलो' असंही म्हणता येत नाही.

त्या संघातला हा पॅटी मिल्स एनबीएच्या मापानं बुटका, उंची साधारण सहा फूट. तिथल्या कारकिर्दीत बहुतेक काळ बेंचवरून येणारा. पण देशाचा पिवळा-हिरवा शर्ट अंगात घातला की वेगळाच माणूस. हे असं का, हा आजचा प्रश्न. त्याचं अर्धं उत्तर बास्केटबॉलमध्ये आहे. उरलेल्या अर्ध्यासाठी आपल्याला कोर्टात जावं लागणार आहे. बास्केटबॉलच्या नव्हे, न्यायाच्या.

पॅटीचा जन्म ११ ऑगस्ट १९८८ चा, कॅनबेराचा. म्हणजे सोलला पहिला चौथा नंबर आला तेव्हा हा जेमतेम दीड-दोन महिन्यांचा. वडील बेनी मिल्स टोरेस सामुद्रधुनीतल्या बेटांवरचे. ऑस्ट्रेलियाचं वरचं टोक आणि पापुआ न्यू गिनी यांच्या मधल्या समुद्रात ही छोटी छोटी बेटं आहेत. तिथले लोक ॲबोरिजिनल लोकांपेक्षा वेगळे, त्यांच्या भाषा वेगळ्या, समुद्राशी बांधलेलं त्यांचं जगणं वेगळं. आई इव्हॉन ॲबोरिजिनल, दक्षिण ऑस्ट्रेलियातल्या. म्हणजे ऑस्ट्रेलियात मूळनिवासींचे जे दोन मोठे समाज मानले जातात, ते दोन्ही या एका घरात.

आईची गोष्ट आधी सांगतो, कारण ती सोपी नाही. विसाव्या शतकाच्या सुरुवातीपासून जवळजवळ १९७० पर्यंत ऑस्ट्रेलियात मूळनिवासी मुलांना, विशेषतः मिश्र वंशाच्या मुलांना, सरकारी आदेशानं आईबापांपासून काढून घेऊन संस्थांमध्ये आणि गोऱ्या कुटुंबांमध्ये ठेवलं जायचं. मुलं 'सुधारतील', हळूहळू गोऱ्या समाजात मिसळून जातील, असा त्यामागचा विचार. या मुलांना तिथे 'चोरलेल्या पिढ्या' म्हणतात. इव्हॉन त्यांतल्या एक. अगदी लहान असताना भावंडांसकट त्यांना आईपासून नेलं गेलं. यावरचा मोठा चौकशी अहवाल १९९७ मध्ये आला, आणि पंतप्रधान केव्हिन रड यांनी संसदेत उभं राहून माफी मागितली ती १३ फेब्रुवारी २००८ ला. ही तारीख लक्षात ठेवा. त्याच वर्षी ऑगस्टमध्ये इव्हॉन यांचा मुलगा बीजिंग ऑलिम्पिकमध्ये देशाकडून खेळत होता.

आणि ज्या देशाकडून तो खेळत होता, त्या देशाच्या घटनेत लोकसंख्या मोजताना ॲबोरिजिनल लोकांना धरायचं नाही असं कलमच होतं. ते गेलं १९६७ च्या सार्वमतानं.

आता वडिलांकडची बाजू. टोरेस सामुद्रधुनीत मेर नावाचं बेट आहे, इंग्रजांनी त्याचं नाव मरे ठेवलं. तिथले एडी कोइकी माबो टाउन्सव्हिलच्या जेम्स कुक विद्यापीठात माळीकाम करायचे. १९७० च्या दशकात तिथल्या दोन इतिहासकारांशी जेवणाच्या सुट्टीत गप्पा मारताना माबो बेटावरच्या आपल्या जमिनीबद्दल बोलत होते. इतिहासकार एकमेकांकडे बघायला लागले, कारण कायद्यानं ती जमीन माबोंची नव्हतीच. ती सरकारची होती. पिढ्यान्‌पिढ्या बांध कुठे, झाड कुणाचं, हे घराण्यातला प्रत्येक माणूस जाणत होता, पण कागदावर शून्य. ज्यांच्या घरात सातबाऱ्यावरून भांडणं झाली आहेत त्यांना हा धक्का बरोबर कळेल.

यामागे जी समजूत होती तिचं लॅटिन नाव 'टेरा न्युलियस', म्हणजे कुणाचीच नसलेली जमीन. इंग्रज आले तेव्हा हा खंड कायद्याच्या नजरेत रिकामा होता, म्हणून तो त्यांचा झाला, असा सगळा डोलारा. माणसं तिथे हजारो वर्षं राहत होती, पण ती धरायची नाहीत. मे १९८२ मध्ये माबो आणि बेटावरच्या आणखी चौघांनी दावा लावला. दहा वर्षं केस चालली. मध्येच क्वीन्सलँड सरकारनं असे सगळे हक्क मागच्या तारखेपासून रद्द करणारा कायदाच करून टाकला. तो उडवून लावण्यात काही वर्षं गेली. जानेवारी १९९२ मध्ये माबो कॅन्सरनं गेले. ३ जून १९९२ ला हायकोर्टानं, तिथलं सर्वोच्च न्यायालय तेच, सहा विरुद्ध एक मतानं निकाल दिला: जमीन रिकामी नव्हती, मूळनिवासींचा हक्क होता आणि आहे. दावा लावणारा माणूस साडेचार महिन्यांनी चुकला.

हे एडी माबो पॅटीच्या वडिलांकडचे नातेवाईक, पॅटीच्या आजोबांच्या पिढीतले. निकाल लागला तेव्हा पॅटी चार वर्षांचाही नव्हता, आणि साधारण त्याच वयात त्याच्या हातात बास्केटबॉल आला. कॅनबेरात त्याच्या आईवडिलांनी मूळनिवासी मुलांसाठी 'शॅडोज' नावाचा क्लब सुरू केला होता. राजधानीचं शहर, आपले लोक थोडे आणि विखुरलेले, तर निदान आठवड्यातून एकदा एका छपराखाली जमतील. गणपती मंडळं आपल्याकडे जे काम करतात, साधारण तेच. खेळ हे निमित्त.

त्याच्या आधी या खानदानातून एक जण ऑलिम्पिकपर्यंत पोचलेला होता. काका डॅनी मोर्स्यू १९८० आणि १९८४ अशी दोन ऑलिम्पिक खेळले. आणि त्यांच्याही आधी, १९६४ मध्ये, मायकल अहमट नावाचा खेळाडू ऑस्ट्रेलियाच्या बास्केटबॉल संघात होता. ऑस्ट्रेलियाकडून ऑलिम्पिक खेळलेल्या अगदी पहिल्या मूळनिवासींपैकी तो एक. ते ऑलिम्पिक कुठे झालं होतं? टोकियोत.

कॅनबेरातच देशाची क्रीडा प्रबोधिनी. तिथली शिष्यवृत्ती मिळाली, मग कॅलिफोर्नियाच्या सेंट मेरीज कॉलेजात प्रवेश. बीजिंगला गेला तेव्हा १९ वर्षांचा होता, विसावा वाढदिवस तिथेच झाला. उपांत्यपूर्व फेरीत समोर अमेरिका: कोबी ब्रायंट, लेब्रॉन जेम्स, सगळी वरात. ऑस्ट्रेलियाचा ११६-८५ असा धुव्वा उडाला, पण त्या धुव्व्यात या पोरानं २० गुण केले.

एवढ्यावर कुणालाही वाटेल की एनबीएवाले आता रांग लावतील. पण कॉलेजच्या दुसऱ्या वर्षी हात मोडला, मग २००९ च्या ड्राफ्टनंतर पायाचं हाड मोडलं. ड्राफ्ट म्हणजे तीस क्लब आळीपाळीनं नवे खेळाडू निवडतात. दोन फेऱ्या, साठ नावं. पॅटीचं नाव पंचावन्नावं होतं. पोर्टलंड क्लबनं घेतला. पहिल्या हंगामात तो मोजून दहा मॅच खेळला. टॉवेल हलवत सहकाऱ्यांना प्रोत्साहन देणारा पोरगा म्हणून मात्र प्रसिद्ध झाला.

इथे एक गंमत. आम्हा आयटीवाल्यांना 'बेंच' म्हटलं की पोटात गोळा येतो. प्रोजेक्ट संपलं, पुढचं नाही, रोज एचआरच्या मेलची वाट बघायची. बास्केटबॉलमधला बेंच तसा नसतो. तिथे बेंचवरून येणाऱ्याचं नेमकं काम ठरलेलं असतं: मुख्य खेळाडू दमले की आठ-दहा मिनिटांत वेग वाढवायचा, दहा-बारा गुण काढायचे, परत येऊन बसायचं. पण पॅटीचा २०११ चा बेंच आमच्यासारखाच होता. एनबीएत मालक आणि खेळाडूंचा वाद होऊन हंगाम लांबला. तो मेलबर्नला खेळला, मग चीनमध्ये शिनजियांगच्या क्लबकडे गेला, आणि तिथून वादात बाहेर पडला. दुखापत खोटी आहे असा त्याच्यावर आरोप झाला, त्यानं तो नाकारला. मार्च २०१२ मध्ये सॅन अँटोनियो स्पर्सनं त्याला उचललं. हंगामाच्या शेवटच्या मॅचमध्ये बडे खेळाडू विश्रांतीवर होते, तेव्हा यानं ३४ गुण केले.

त्याच उन्हाळ्यात लंडन. संपूर्ण ऑलिम्पिकमध्ये सर्वांत जास्त सरासरी कुणाची? लेब्रॉनची नाही, केव्हिन ड्युरंटची नाही. पॅटी मिल्सची, मॅचमागे २१.२. रशियाविरुद्ध ऑस्ट्रेलिया एका गुणानं मागे असताना शेवटच्या क्षणी लांबून त्यानं बॉल टाकला आणि मॅच ८२-८० अशी फिरवली. आणि हाच माणूस महिन्या-दोन महिन्यांनी टेक्सासला जाऊन परत बेंचवर बसला.

एनबीएतली त्याची आयुष्यभराची सरासरी मॅचमागे नऊच्या आसपास आहे. ऑलिम्पिकमध्ये लंडन, रिओ, टोकियो, तिन्हीकडे वीसच्या वर. आणि एनबीएची मॅच ४८ मिनिटांची असते, आंतरराष्ट्रीय मॅच ४० मिनिटांची, म्हणजे कमी वेळात दुप्पट. लोक याला 'देशप्रेम' म्हणून मोकळे होतात. मला ते उत्तर आळशीपणाचं वाटतं. आंतरराष्ट्रीय सामन्यांत तीन गुणांची रेषा जवळ असते, ६.७५ मीटरवर. एनबीएत ती समोरून ७.२४ मीटरवर आहे. स्पर्समध्ये बॉल टोनी पार्करच्या हातात असायचा, याला वीसेक मिनिटं मिळायची. ऑस्ट्रेलियाच्या संघात अँड्र्यू बोगट आणि ॲरन बेन्ससारखी अगडबंब माणसं भिंत होऊन उभी राहायची, हा त्यांच्याभोवती गरागरा पळायचा, आणि जो इंगल्स किंवा मॅथ्यू डेलाव्हेडोव्हा बरोबर त्या क्षणी बॉल द्यायचे. तेच मशीन, पण सगळी सिस्टीम त्याच्याभोवती बांधलेली. याच्यावर देशप्रेम चढवा, मग चालेल.

स्पर्समधल्या एका वर्षाबद्दल मात्र थांबायलाच हवं. २०१३ च्या अंतिम मालिकेत सहाव्या मॅचला स्पर्स विजेतेपदापासून अर्धा मिनिट लांब होते, पाच गुणांनी पुढे होते, आणि हरले. रे ॲलनचा तो कोपऱ्यातला थ्री-पॉइंटर. मग सातवी मॅचही गेली. पॅटी त्या सुट्टीत वजन उतरवून आला. आधी जाड झाला होता हे प्रशिक्षक ग्रेग पॉपोविच यांनीच जाहीरपणे, आणि फारशी लाज न बाळगता, सांगितलंय. २०१४ मध्ये परत तीच मालिका, परत मायामी. संघात फ्रान्स, अर्जेंटिना, ब्राझील, इटली, कॅनडा, ऑस्ट्रेलिया, कुठले कुठले खेळाडू.

मालिका सुरू व्हायच्या दोन दिवस आधी तारीख होती ३ जून. पॉपोविच यांनी खेळाडूंना डावपेच दाखवायला बसवलं आणि सुरुवात केली एडी माबोंपासून. हे कोण, यांनी काय केलं, आजचा दिवस काय आहे, आणि आपल्यातला हा पॅटी त्यांचा कोण लागतो. कल्पना करा, लीगच्या सर्वांत मोठ्या मॅचच्या तोंडावर टेक्सासमध्ये जमिनीच्या खटल्यावर तास. पॅटीला याची कल्पना नव्हती, आणि तो पार हेलावून गेला. १५ जूनच्या पाचव्या मॅचमध्ये त्यानं १७ गुण केले, त्यातले १४ एकट्या तिसऱ्या क्वार्टरमध्ये. मायामीचा खेळ तिथेच संपला. विजयाच्या जल्लोषात त्याच्या खांद्यावर टोरेस सामुद्रधुनीचा झेंडा होता: हिरवा, निळा, मध्ये पांढरं शिरभूषण. ऑस्ट्रेलियातल्याही किती लोकांना तो झेंडा ओळखता आला असेल, देव जाणे.

मग रिओ. कांस्यपदकाची मॅच, समोर स्पेन. शेवटच्या दहा सेकंदांत ऑस्ट्रेलिया एका गुणानं पुढे. स्पेनचा सर्जिओ रॉड्रिगेझ बॉल घेऊन घुसला आणि पंचांनी फाउल दिला. कुणावर? पॅटीवर. ५.४ सेकंद उरलेले. मी ती क्लिप बऱ्याच वेळा बघितली आहे आणि माझ्या मते तेवढ्या स्पर्शाला त्या क्षणी शिट्टी वाजवायची नसते. पण वाजली. दोन फ्री थ्रो आत, ८९-८८, चौथा नंबर. पॅटीचे त्या मॅचमधले ३० गुण कुठल्या खात्यात टाकायचे?

२०१९ च्या विश्वचषकाआधी मेलबर्नमध्ये बावन्न हजार लोकांसमोर ऑस्ट्रेलियानं अमेरिकेला पहिल्यांदा हरवलं, ९८-९४, पॅटीचे परत ३०. मग बीजिंगला उपांत्य फेरी, परत स्पेन. पाचेक सेकंद बाकी, ऑस्ट्रेलिया एकानं मागे, आणि पॅटीला दोन फ्री थ्रो. फ्री थ्रो हा त्याचा हातखंडा. पहिला आत. दुसरा बाहेर. बरोबरी झाली, दोन जादा डाव झाले, स्पेन जिंकला. त्याचे गुण ३४, आणि चर्चा त्या एका हुकलेल्या फेकीची. पुढे कांस्यपदकाच्या मॅचमध्ये फ्रान्सनं हरवलं. विश्वचषकातही चौथे! यावर काय बोलणार.

पुढच्या वर्षी कोविडमुळे एनबीएचा उरलेला हंगाम फ्लोरिडात बंदिस्त जागेत झाला. कित्येक खेळाडू जायचं की नाही या विचारात होते. पॅटी गेला आणि त्या उरलेल्या मॅचचं सगळं मानधन, दहा लाख डॉलरहून जास्त, ऑस्ट्रेलियातल्या वंशभेदाविरुद्ध आणि कोठडीतल्या मूळनिवासींच्या मृत्यूंविरुद्ध काम करणाऱ्या मोहिमांना देऊन टाकलं. त्याचं म्हणणं सरळ होतं: मी खेळलो नाही तर तो पैसा कुणालाच मिळणार नाही. मला हा हिशेब फार आवडतो. निषेध म्हणून घरी बसणं सोपं होतं, आणि त्याची बातमीही मोठी झाली असती. पाठोपाठ त्यानं मूळनिवासी मुलामुलींच्या बास्केटबॉलसाठी देशभर स्पर्धा घेणारी संस्थाही उभी केली. 'शॅडोज'चीच गोष्ट, पण कॅनबेराबाहेर.

आणि मग टोकियो. २३ जुलैला रिकाम्या स्टेडियममध्ये जलतरणपटू केट कॅम्पबेलसोबत ऑस्ट्रेलियाचा ध्वज घेऊन चालला तो पॅटी. उद्घाटनाला देशाचा ध्वज धरणारा पहिला मूळनिवासी. तो ध्वज म्हणजे कोपऱ्यात युनियन जॅक असलेला, बरं का. आई जिवंत, मुलगा पुढे ध्वज घेऊन. यावर मी जास्त काही बोलत नाही.

संघानं या वेळी उघड सांगितलं होतं की आम्ही सुवर्णासाठी आलोय. साखळीतल्या तिन्ही मॅच जिंकल्या, पण बेन्स न्हाणीघरात पडून मणक्याला मार लागला आणि इस्पितळात गेला. उपांत्य फेरीत अमेरिकेवर पंधरा गुणांची आघाडी घेतली आणि मग ९७-७८ अशी मॅच घालवली. म्हणजे परत तीच जागा, परत कांस्यपदकाची मॅच, समोर लुका डॉन्चिच. देशातल्या प्रत्येक चाहत्याच्या डोक्यात काय चाललं असेल ते आपल्याला माहीत आहे.

त्या रात्री पॅटीनं ४२ गुण केलेच, शिवाय नऊ वेळा दुसऱ्याला बास्केटसाठी पास दिला. शेवटच्या मिनिटांत स्लोव्हेनिया जवळ आलं तेव्हाही बॉल त्याच्याकडेच जात होता आणि तो पळायचा थांबत नव्हता. मॅच संपल्यावर तो आणि इंगल्स एकमेकांना घट्ट धरून उभे होते. दोघं बीजिंगपासूनचे, २००८ पासूनचे. समालोचन करणारे अँड्र्यू गेझ, स्वतः पाच ऑलिम्पिक खेळलेले आणि त्यातल्या तीन चौथ्या नंबरांचे साक्षीदार, रडत होते. खेळाडूंनी त्या कांस्याला नाव दिलं 'रोझ गोल्ड'. सराफाकडे जाऊन आलेल्या माणसाला यात फसवणूक दिसेल, पण तेहतीस वर्षांची उधारी फिटत असेल तर चालवून घ्यावं.

त्यानंतर क्लबच्या पातळीवर त्याची फिराफिरीच झाली: ब्रुकलिन, अटलांटा, मायामी, युटा, लॉस एंजेलिस. मिनिटं कमी होत गेली. २०२४ ला पॅरिस, त्याचं पाचवं ऑलिम्पिक, गेझ यांच्या बरोबरीचं. वय ३५. उपांत्यपूर्व फेरीत सर्बियावर २४ गुणांची आघाडी होती, ती सगळी विरघळली. दोन गुणांनी मागे, शेवटचे काही क्षण, आणि सात फुटी निकोला योकिच समोर हात वर करून उभा. पॅटीनं मागे झुकून बॉल टाकला आणि तो आत गेला. मॅच जादा वेळेत गेली. तिथे सर्बिया ९५-९० अशी जिंकली आणि ऑस्ट्रेलिया घरी गेलं. पॅटीचे त्या दिवशी २६ गुण होते, आणि पाच दिवसांनी त्याला छत्तिसावं लागलं.